डॉ. पांडुरंग खानखोजे : मेक्सिकोने आठवण ठेवलेला मराठी माणूस

दोन नोव्हेंबर ही तारीख आपल्या मॉरिशसच्या लोकांना वेगळी सांगायला नको. १८३४ साली याच दिवशी ‘अ‍ॅटलस’ जहाजातून छत्तीस शर्तबंद मजूर पोर्ट लुईला उतरले. आपल्या वाडवडिलांची कहाणी त्या दिवसापासून मोजतात. दरवर्षी या दिवशी आप्रवासी घाटाच्या पायऱ्यांपाशी फुले वाहिली जातात. याच सुमारास आपले ख्रिस्ती शेजारीही फुलांचे गुच्छ घेऊन दफनभूमीकडे जाताना दिसतात, कारण नोव्हेंबरची पहिली आणि दुसरी तारीख त्यांच्याकडेही मृतांच्या आठवणीची आहे.

पृथ्वीच्या दुसऱ्या टोकाला मेक्सिको नावाचा देश आहे. तेथे या दोन दिवसांत घरोघरी मृतांसाठी अन्न वाढून ठेवतात, दिवे लावतात, आणि गेलेली माणसे आज घरी येणार म्हणून दारापर्यंत झेंडूच्या पाकळ्यांची वाट घालतात. पितृपक्षात म्हाळ घालणाऱ्या आणि कावळ्याला घास ठेवणाऱ्या कोकणी माणसाला यात काही परके वाटू नये.

वर्ध्याच्या एका मराठी माणसाने आपल्या आयुष्याची तीस वर्षे या मेक्सिकोत काढली. त्यांचे नाव डॉ. पांडुरंग सदाशिव खानखोजे. तेथे जाण्यापूर्वी ते जर्मनीत बर्लिन शहरी होते, आणि बर्लिन हेच त्यांच्या आयुष्याचे वळण ठरले. त्यांनी हातात शस्त्र घेतले ते देशासाठी, पुढे नांगर धरला तो परक्या देशातील शेतकऱ्यांसाठी. अशा माणसाची आठवण कोणी ठेवावी, त्याच्या जन्मभूमीने की कर्मभूमीने, हा प्रश्न त्यांच्या चरित्रातून उभा राहतो. आपल्यासारख्या बेटावरच्या मराठी कुटुंबांना तर तो अगदी घरचाच प्रश्न आहे.

वर्ध्याचा मुलगा

खानखोजे यांचा जन्म नोव्हेंबर १८८४ मधला. वडील वर्ध्याला लोकांचे अर्ज लिहून देण्याचे काम करीत. आजोबांचा १८५७ च्या उठावाशी संबंध होता आणि त्या दिवसांच्या गोष्टी घरात सांगितल्या जात. प्राथमिक आणि मिडल शाळेचे शिक्षण वर्ध्यात झाले, पुढच्या शिक्षणासाठी पांडुरंग नागपूरला गेला. त्या काळी लोकमान्य टिळकांच्या शब्दाने तरुण पेटून उठत, तसाच हाही पेटला.

त्यांच्या बालपणीच, १८९६-९७ आणि १८९९-१९०० साली, मध्य प्रांतात दोन मोठे दुष्काळ पडले. गावेच्या गावे अन्नाला महाग झाली. पुढे या माणसाने लष्करी शिक्षणाच्या जोडीला शेतीशास्त्राचा अभ्यास का केला, याचा विचार करताना हे दोन दुष्काळ विसरता येत नाहीत.

१९०६ साली त्यांनी देश सोडला. प्रथम जपान, आणि तेथून अमेरिका. कॅलिफोर्नियात माउंट टामालपायस येथील लष्करी विद्यालयात त्यांनी युद्धशिक्षण घेतले. मग ऑरेगॉनच्या शेती महाविद्यालयात आणि वॉशिंग्टन स्टेट कॉलेजात शेतीशास्त्र शिकले व १९१३ साली तेथून पदवी घेतली. इकडे मेक्सिकोत १९१० पासून क्रांतीचा वणवा पेटला होता. जमीन कसणाऱ्याची असावी, अशी तेथील शेतकऱ्यांची मागणी होती. अमेरिकेत शिकणाऱ्या खानखोज्यांच्या कानी ही लढाई पडत होती, आणि ती त्यांच्या मनात घर करून राहिली.

गदरचे सोबती

अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर लाकडाच्या गिरण्यांत आणि शेतमळ्यांत काम करणारे हजारो पंजाबी मजूर होते. त्यांच्यातून आणि हिंदी विद्यार्थ्यांतून १९१३ साली गदर पक्ष उभा राहिला. लाला हरदयाळ, सोहनसिंग भकना ही त्यातली मोठी नावे. खानखोजे या चळवळीच्या अगदी आरंभीच्या कार्यकर्त्यांपैकी होते आणि लष्करी तयारीचा भाग त्यांच्याकडे होता.

या चळवळीत आणखी एक मराठी तरुण होता, विष्णु गणेश पिंगळे. पुणे जिल्ह्यातल्या तळेगाव ढमढेरे गावचा. महायुद्ध सुरू होताच तो आणि करतारसिंग सराभा हिंदुस्थानात परतले. फौजेतले शिपाई उठवायचे, असा बेत होता. बेत फुटला. १६ नोव्हेंबर १९१५ रोजी लाहोरच्या तुरुंगात पिंगळे, सराभा आणि त्यांच्या पाच साथीदारांना फाशी देण्यात आले. सराभा तेव्हा अवघा एकोणीस वर्षांचा होता.

खानखोजे दुसऱ्या वाटेने निघाले होते. त्यांना तुर्कस्तानातून इराणात जायचे होते आणि तेथून हिंदुस्थानच्या सरहद्दीवर पोचायचे होते. मुसलमानी नाव आणि वेष घेऊन ते दक्षिण इराणातील टोळ्यांमध्ये राहिले, इंग्रजांच्या फौजेशी लढले, पकडले गेले, निसटले. या कामात त्यांच्याबरोबर सूफी अंबाप्रसाद होते, मुरादाबादचे जुने देशभक्त. युद्धाच्या काळातच शिराझ शहरी इंग्रजांच्या कैदेत त्यांचा अंत झाला.

वाचकहो, येथे क्षणभर थांबून विचार करा. त्या वेळी खानखोज्यांचे वय तिशीच्या आसपास होते आणि त्यांच्या जवळच्या साथीदारांपैकी कितीतरी जण गेले होते. कोणी लाहोरला, कोणी शिराझला. कोणाच्या चितेला अग्नी कोणी दिला, कोणाचे दिवस कोणी घातले? आपल्याकडे मृत्यूनंतरची सगळी व्यवस्था घराभोवती आहे. घर, अंगण, नदी, कावळा, भाऊबंद. ज्याने घरच सोडले त्याचे काय करायचे, याचे उत्तर जुन्या पोथ्यांत सहज सापडत नाही.

बर्लिन

युद्ध संपले. जर्मनी हरली, तुर्कस्तान हरले, आणि त्यांच्या मदतीवर बांधलेले हिंदी क्रांतिकारकांचे बेतही कोसळले. इंग्रजांच्या काळ्या यादीत नाव असल्यामुळे खानखोज्यांना मायदेशी परतणे शक्य नव्हते. ते बर्लिनला आले.

बर्लिन हे तेव्हा हिंदी क्रांतिकारकांचे मोठे ठाणे होते. १९१४ साली युद्ध सुरू होताच तेथे बर्लिन समिती स्थापन झाली होती. सरोजिनी नायडू यांचे बंधू वीरेंद्रनाथ चट्टोपाध्याय, स्वामी विवेकानंदांचे धाकटे बंधू भूपेंद्रनाथ दत्त, त्रिवेंद्रमचे चंपकरमण पिल्लै असे लोक तेथे जमले होते. १९२१ साली वीरेंद्रनाथ, भूपेंद्रनाथ, खानखोजे आणि आणखी काही जण बर्लिनहून मॉस्कोला गेले. रशियाच्या नव्या सरकारची मदत मिळेल, ही आशा होती. मनासारखे काही घडले नाही आणि मंडळी परत बर्लिनला आली.

ते बर्लिन शोकात बुडालेले शहर होते. महायुद्धात जर्मनीचे सुमारे वीस लाख सैनिक मेले होते. त्यातले बहुतेक परमुलखात, फ्रान्सच्या किंवा रशियाच्या मातीत पुरलेले. घरी आई किंवा बायको, आणि दिवा लावायला थडगे नाही, अशी लाखो घरे होती. जर्मनीतले कॅथलिक लोक दोन नोव्हेंबरला आपल्या मृतांसाठी प्रार्थना करतात व थडग्यांवर दिवे लावतात. बर्लिनच्या प्रॉटेस्टंट लोकांचा मृतांचा रविवार वेगळा, नोव्हेंबरच्या अखेरीस येणारा. प्रशियाचा राजा तिसरा फ्रेडरिक विल्यम याने १८१६ साली तो ठरवून दिला, नेपोलियनशी झालेल्या युद्धांनंतर. त्यातच १९२२ साली जर्मन संसदेच्या सभागृहात युद्धात पडलेल्यांसाठी शोकदिन पाळला गेला. म्हणजे ज्या वर्षांत आपले खानखोजे बर्लिनला होते, त्याच वर्षांत ते सारे राष्ट्र दूर देशी मेलेल्या मुलांची आठवण कशी ठेवायची, हे शिकत होते.

हिंदी क्रांतिकारकांच्या मागे असे राष्ट्र उभे नव्हते. जे करायचे ते एकेकट्या माणसाने. याचे एक उदाहरण बर्लिनमध्येच घडले. चंपकरमण पिल्लै १९३४ साली बर्लिन येथे वारले. त्यांच्या अस्थी मायदेशीच्या पाण्यात सोडाव्यात, ही त्यांची इच्छा होती. पत्नी लक्ष्मीबाईंनी त्या अस्थी जपून ठेवल्या. एक वर्ष नाही, दोन वर्षे नाही, बत्तीस वर्षे. मधे दुसरे महायुद्ध होऊन गेले, हिंदुस्थान स्वतंत्र झाला. अखेर १९६६ साली भारतीय नौदलाच्या ‘दिल्ली’ या युद्धनौकेवरून त्या अस्थी केरळला आल्या. एका बाईच्या निष्ठेवर ती आठवण तरली. वीरेंद्रनाथांच्या नशिबी तेवढेही नव्हते. ते पुढे रशियात राहिले आणि १९३७ साली स्टालिनच्या राजवटीत मारले गेले. त्यांचे नक्की काय झाले हे घरच्यांना बरीच वर्षे कळले नाही.

बर्लिनमधल्या हिंदी लोकांना हुसकावून लावावे म्हणून इंग्रजांचे दडपण वाढत होते. युरोपात राहणे धोक्याचे झाले. तेव्हा १९२४ साली खानखोजे यांनी मेक्सिकोची वाट धरली. अमेरिकेत असताना तेथील मेक्सिकन वकिलातीतील रामोन दे नेग्री या गृहस्थांशी त्यांचा परिचय झाला होता. क्रांतीनंतरच्या मेक्सिकोत ते मोठ्या पदावर चढले होते, शेतीखात्याचे मंत्रीही झाले होते. अशा ओळखी उपयोगी पडल्या. बर्लिन सोडताना खानखोजे जवळजवळ चाळीस वर्षांचे होते. हाती पैसा नाही, परतायला देश नाही. बरोबर होते ते फक्त शेतीचे ज्ञान.

मक्याचा देश

मेक्सिको शहरापासून थोड्या अंतरावर, तेश्कोको गावाजवळ, चापिंगो म्हणून ठिकाण आहे. पूर्वी ती एका बड्या जमीनदाराची जहागीर होती. क्रांतीनंतर सरकारने तेथे राष्ट्रीय शेती विद्यालय आणले. या विद्यालयात खानखोजे प्राध्यापक झाले. स्पॅनिश भाषा शिकून घेतली आणि शेतकऱ्यांच्या मुलांना शेतीशास्त्र शिकवू लागले.

मेक्सिको हा मक्याचा जन्मदेश. मक्याची रोटी, तिला ते तोर्तिया म्हणतात, हेच तेथले रोजचे अन्न. आपल्याकडे भात आणि भाकरी, तशी तेथे ही रोटी. खानखोज्यांनी या मक्यावर वर्षानुवर्षे काम केले. मक्याचा रानटी भाऊबंद तेओसिंते नावाचे गवत आहे, त्याच्याशी मक्याचे संकर करून पाहिले. थंडीत टिकणारी, कमी पावसात तग धरणारी, जास्त पीक देणारी वाणे मिळावीत, हा प्रयत्न होता. गहू, कडधान्ये आणि रबर यांवरही त्यांनी संशोधन केले. गरीब शेतकऱ्यांसाठी मोफत शेतीशाळा काढल्या. त्यातल्या एका शाळेला १९१९ साली दग्याने मारल्या गेलेल्या शेतकरी पुढारी एमिलियानो झापाटा यांचे नाव दिले होते. इटलीहून आलेली प्रसिद्ध छायाचित्रकार तिना मोदोत्ती हिने खानखोज्यांचे काम आणि या शाळा आपल्या कॅमेऱ्यात टिपल्या.

या चापिंगोच्या विद्यालयात जुनी जहागीर असतानाचे एक प्रार्थनामंदिर आहे. १९२४ ते १९२७ या काळात मेक्सिकोचे थोर चित्रकार दिएगो रिव्हेरा यांनी त्याच्या भिंती आणि छत रंगवले. खानखोजे तेथे शिकवायला लागले तेव्हाच हे काम चालू होते. त्यातल्या एका चित्रात जमिनीच्या पोटात दोन माणसे निजलेली दाखवली आहेत, लाल वस्त्रात गुंडाळलेली. एक झापाटा आणि दुसरे त्यांचे सहकारी ओतिलियो मोंतान्यो. दोघेही क्रांतीत बळी गेलेले. आणि त्यांच्या वर, त्याच मातीतून, मक्याचे भरघोस पीक उभे आहे. मेलेल्या माणसाने जिवंतांना अन्न द्यावे आणि जिवंतांनी मेलेल्याला विसरू नये, हा मेक्सिकोच्या लोकांचा फार जुना भाव आहे. ज्याचे पिंगळे आणि सराभा लाहोरच्या मातीत गेले, तो माणूस रोज या मंदिरावरून मक्याच्या शेताकडे जात होता.

मृतांचा सण

आता त्या सणाविषयी थोडे. स्पॅनिश लोकांनी १५२१ साली मेक्सिको जिंकला, त्याच्या आधीपासून तेथले मूळ लोक मृतांचे उत्सव करीत. ख्रिस्ती धर्म आल्यावर ते उत्सव नोव्हेंबरच्या पहिल्या दोन दिवसांत मिसळून गेले. पहिला दिवस सामान्यतः लहानपणी गेलेल्या मुलांचा, दुसरा मोठ्यांचा.

घरात एक मेज मांडतात, त्यावर स्वच्छ कापड. त्याला ओफ्रेंदा म्हणतात, म्हणजे नैवेद्याची वेदी. वर मृतांच्या तसबिरी ठेवतात. लांबच्या प्रवासाने तहानलेल्या आत्म्यासाठी पाण्याचा पेला, शुद्धीसाठी मीठ, वाट दिसावी म्हणून मेणबत्त्या, आणि कोपाल नावाच्या राळेचा धूप. मग ज्याला जे आवडत असे ते. मक्याच्या पिठाचे पानात उकडलेले तामाल, त्या दिवसांपुरता केलेला गोड पाव, फळे, कोणाची विडी, कोणाचा दारूचा पेला, लहान मुलांसाठी खेळणी. साखरेच्या कवट्या करून त्यांच्या कपाळावर नावे लिहितात. पुष्कळ ठिकाणी वेदीच्या दोन्ही बाजूंना उसाचे दांडे उभे करून कमान बांधतात. उसाच्या मळ्यात ज्यांच्या पणजोबांचे हात सोलून निघाले, त्या आपल्या लोकांना ही उसाची कमान पाहून काय वाटेल, हे ज्याचे त्याने समजावे.

आणि सगळीकडे झेंडू. त्याला तेथे सेंपासुचिल म्हणतात. मूळच्या नाहुआ भाषेत त्या नावाचा अर्थ वीस पाकळ्यांचे फूल असा होतो. दसऱ्याला आपण ज्याचे तोरण बांधतो तो झेंडू मूळचा याच मेक्सिकोचा, तेथून समुद्रमार्गे जगभर पसरला. त्याच्या रंगाने आणि वासाने मृतांना घराची वाट सापडते, अशी तेथली श्रद्धा आहे. रात्री लोक दफनभूमीत जातात, थडगी झाडून फुलांनी सजवतात, मेणबत्त्या लावून बसतात, गातात, जेवतात. रडारड असते, हसणेही असते. गेलेला माणूस वर्षातून एकदा पाहुणा म्हणून आला आहे, त्याच्यापुढे तोंड पाडून कसे बसायचे? २००८ साली युनेस्कोने या प्रथेची मानवजातीचा वारसा म्हणून नोंद केली. आज बर्लिनमध्ये राहणारी मेक्सिकन कुटुंबेही हा सण करतात.

मेक्सिको शहरात शिक्षण मंत्रालयाची मोठी इमारत आहे. तिच्या भिंतींवर रिव्हेरा यांनी १९२३ ते १९२८ या काळात शंभराहून अधिक चित्रे रंगवली. खालच्या मजल्यावर सणांचे चौक आहे, त्यात मृतांच्या दिवसाची चित्रे आहेत. दिव्यांनी उजळलेली वेदी, भोवती गावकरी. त्याच इमारतीच्या वरच्या मजल्यावर आमची रोजची भाकरी या अर्थाच्या नावाचे एक चित्र आहे. मेजाभोवती मजूर, शेतकरी, बायका, मुले बसली आहेत आणि मधला माणूस भाकरी मोडून वाटतो आहे. त्या मधल्या माणसात खानखोज्यांचा चेहरा ओळखतात. वर्ध्याच्या अर्जलेखकाचा मुलगा मेक्सिकोच्या राष्ट्रीय भिंतीवर भाकरी वाटीत बसला आहे. अशी तसबीर फार थोड्यांच्या नशिबी येते.

परत घरी

१९३६ साली खानखोज्यांनी जान सिंदिक या बेल्जियन बाईंशी विवाह केला. त्यांना दोन मुली झाल्या. हिंदुस्थान १९४७ साली स्वतंत्र झाला. त्यानंतर मध्य प्रांताच्या सरकारने शेतीविषयी सल्ला देण्यासाठी त्यांना बोलावले. पण येथे एक चमत्कारिक गोष्ट घडली. ज्या इंग्रजांनी त्यांचे नाव काळ्या यादीत घातले होते ते निघून गेले होते, यादी मात्र कचेरीत तशीच राहिली होती. त्यामुळे स्वतंत्र हिंदुस्थानात येण्याचा परवाना त्यांना प्रथम नाकारला गेला. घोळ निस्तरला आणि १९४९ साली ते मायदेशी आले. देश सोडल्याला त्रेचाळीस वर्षे झाली होती.

पुढे १९५५ साली ते कायमचे नागपूरला राहायला आले. मेक्सिकोत ज्यांच्या घरी मोठमोठे कलावंत आणि मंत्री येत, ते डॉक्टर नागपुरात साधेपणाने राहिले. शेतीच्या कामात आपल्या ज्ञानाचा उपयोग व्हावा अशी त्यांची धडपड होती, पण देशाला त्यांची फारशी आठवण नव्हती. १९६६ साली हिंदुस्थानाने मेक्सिकोतून अठरा हजार टन गव्हाचे बियाणे आणले आणि हरित क्रांतीला जोर चढला. त्या गव्हाचे श्रेय नॉर्मन बोरलॉग आणि त्यांच्या सहकाऱ्यांचे, यात शंका नाही. पण मेक्सिकोच्या मातीत धान्याचे वाण सुधारून भुकेला उत्तर द्यायचे, हे काम बोरलॉग १९४४ साली तेथे येण्यापूर्वी कितीतरी वर्षे एक मराठी माणूस करीत होता, हे त्या वेळी फार थोड्यांना ठाऊक होते. जानेवारी १९६७ मध्ये नागपूर येथे खानखोजे वारले.

त्यानंतर बराच काळ शांतता होती. मग वीणा गवाणकर यांनी मराठीत त्यांचे चरित्र लिहिले. त्या पुस्तकाचे नावच चिरा नाही आणि पणती नाही, असे सांगणारे आहे. पुढे २००८ साली त्यांची कन्या सावित्री साहनी यांनी इंग्रजीत वडिलांचे चरित्र प्रसिद्ध केले. आणि सप्टेंबर २०२२ मध्ये चापिंगोला, ज्या विद्यालयाचे आता विद्यापीठ झाले आहे तेथे, भारताच्या लोकसभेचे अध्यक्ष ओम बिर्ला यांच्या हस्ते खानखोज्यांच्या पुतळ्याचे अनावरण झाले. मृत्यूला पंचावन्न वर्षे झाल्यावर. शेतकऱ्यांच्या मुलांना त्यांनी जेथे शिकवले, त्याच आवारात तो उभा आहे.

आपल्यासाठी

खानखोज्यांच्या आयुष्यातून देशभक्ती शिकावी, कष्ट शिकावे, हे तर खरेच. पण त्यांच्या चरित्रात आणखी एक शिकवण आहे आणि ती आपल्या बेटावरच्या लोकांना विशेष लागू पडते. माणसाची आठवण आपोआप टिकत नाही. ती कोणीतरी हाताने टिकवावी लागते. बत्तीस वर्षे अस्थी सांभाळणारी लक्ष्मीबाई, भिंतीवर चेहरा रंगवणारा चित्रकार, कॅमेरा घेऊन शेतात उतरलेली तिना, वडिलांचे कागद जपून पुस्तक लिहिणारी लेक. यांतले एकेक माणूस वगळा, म्हणजे काय उरते ते पाहा.

आपल्या पणजोबांचे पुतळे कोठेही नाहीत. रत्नागिरीकडच्या खेड्यांतून निघून मुंबई बंदरातून ते जहाजावर चढले आणि येथे उतरताच त्यांना एक क्रमांक मिळाला. तो क्रमांक, नाव, गाव, बापाचे नाव, जात, वय, उंची, अंगावरची खूण, हे सारे सरकारी वह्यांत लिहिले गेले. पुढच्या काळात आलेल्या पुष्कळांची छायाचित्रेही काढली गेली. या वह्या आणि ही छायाचित्रे मोका येथील महात्मा गांधी संस्थेत आहेत. इंग्रजांनी त्या ठेवल्या त्या आपल्या सोयीसाठी, मजूर पळून जाऊ नये म्हणून. पण आज त्याच आपल्या ओफ्रेंदावरच्या तसबिरी होऊ शकतात. कारकुनाने नाव चुकीचे लिहिले असेल, गावाचे नाव ओळखू येत नसेल, तरी शोधणाऱ्याला काही ना काही सापडते.

पुढच्या पितृपक्षात म्हाळ घालताना तीन पिढ्यांची नावे विचारली जातील. वडिलांचे नाव येते, आजोबांचे येते, पणजोबांपाशी पुष्कळ जण अडतात. घरात ऐंशी-नव्वदीची आजी असेल तर तिच्याजवळ बसून ती नावे आताच वहीत उतरवून घ्यावीत. तिला काय आवडते, तिच्या आईला काय आवडे, कोण कोणत्या मळ्यावर होते, कोण कोणती गाणी म्हणे, हेही लिहावे. पान वाढायचे तर पाहुण्याचे नाव माहीत असले पाहिजे.

दोन नोव्हेंबरला घाटावर फुले वाहताना एक झेंडूचे फूल वर्ध्याच्या पांडुरंगासाठीही वाहावे. तेही आपल्यासारखेच समुद्रापार गेलेले, आणि तेथल्या मातीत राबलेले.